ऐकणारा माणूस: उलरिख म्यूहे या नटाचं प्रकरण

लिफ्टमध्ये राखाडी जॅकेट घातलेला एक माणूस उभा आहे. एक लहान मुलगा बॉल घेऊन आत शिरतो आणि सरळ विचारतो, तुम्ही खरंच श्टाझीत आहात का? माणूस विचारतो, श्टाझी म्हणजे काय ते माहितीये का तुला? मुलगा म्हणतो, हो, ती वाईट माणसं असतात, लोकांना तुरुंगात टाकतात, असं माझे बाबा म्हणतात. आता श्टाझी म्हणजे पूर्व जर्मनीचे गुप्त पोलीस, आणि या माणसाची अख्खी नोकरी अशा वाक्यांवर चालते, बाप कोण एवढं कळलं की फाइल उघडायची. त्याच्या तोंडून सवयीने निघतंच, "तुझ्या... चं नाव काय?" मुलगा विचारतो, माझ्या कशाचं? आणि तो थांबतो. दोनेक सेकंदच असतील. मग म्हणतो, "बॉलचं. तुझ्या बॉलचं नाव काय?"

मी 'द लाइव्हज ऑफ अदर्स' पहिल्यांदा बघितला तेव्हा या सीनला हसू आलं होतं आणि लगेच घशात काहीतरी अडकलं होतं. नंतर परत बघताना लक्षात आलं की नटाने चेहऱ्यावर जवळपास काहीच केलेलं नाहीये, भुवई नाही, सुस्कारा नाही, फक्त वाक्य मधेच तोडलंय आणि तोडल्यावर स्वतःच थोडासा दचकलाय. हा नट म्हणजे उलरिख म्यूहे. जर्मनीत त्याला आधीपासून ओळखत होते, बाहेर बहुतेकांना तो या एकाच सिनेमामुळे कळला, आणि कळला तेव्हा त्याच्याकडे जेमतेम वर्षभराचा वेळ उरला होता.

या लेखात त्याचं सगळं चरित्र सांगत नाहीये. प्रश्न एकच घेतलाय: ज्या माणसावर स्वतःवर पाळत होती त्याने पाळत ठेवणाऱ्याची भूमिका इतकी खरी कशी केली, आणि तीच आठवण भूमिकेबाहेर बोलून दाखवली तेव्हा काय झालं.

भिंतीवरचा पोरगा

जन्म २० जून १९५३, ग्रिमा, सॅक्सनीतलं लाइपझिगजवळचं छोटं गाव, म्हणजे पूर्व जर्मनी. वडील फरचे कपडे शिवणारे कारागीर. शाळा संपल्यावर त्याने बांधकामाचं ट्रेनिंग घेतलं, मग सक्तीची लष्करी सेवा आली आणि पोस्टिंग कुठे, तर बर्लिनच्या भिंतीवर. सीमेवरचा पहारेकरी. विशीतला पोरगा, हातात बंदूक, आणि पलीकडे पळणाऱ्याला अडवायची ड्युटी, गरज पडली तर गोळी घालून. तिथे त्याला पोटाचे अल्सर झाले आणि त्या कारणावरून त्याची सुटका झाली. ही गोष्ट मी मुद्दाम आधी सांगतोय, कारण पुढे जेव्हा तो व्यवस्थेच्या नोकराचा रोल करतो तेव्हा त्याने युनिफॉर्म आतून बघितलेला असतो, नुसता समोरून नाही.

१९७५ ते १९७९ लाइपझिगच्या हान्स ओट्टो थिएटर स्कूलमध्ये शिक्षण, मग कार्ल-मार्क्स-श्टाट म्हणजे आजच्या केमनिट्झच्या नगर थिएटरमध्ये पहिली नोकरी. नोकरी हा शब्द बरोबरच आहे. जर्मन थिएटरची पद्धतच अशी, की शहराचं थिएटर, त्याचा पगारी नटसंच, आणि एकाच आठवड्यात वेगवेगळी नाटकं. आज इब्सेन, उद्या गटे, परवा एखादं कॉमेडी, आणि त्यात कधी तुम्ही नायक तर कधी ट्रे घेऊन येणारा नोकर. आपल्याकडे एक नाटक चाललं की त्याचे पाचशे प्रयोग होतात आणि नट त्या एका भूमिकेत मुरतो. तिथे नट वीस भूमिकांमध्ये एकाच वेळी राहतो. कॅरेक्टर अ‍ॅक्टर घडवायला याच्याइतकी चांगली जागा मला तरी माहीत नाही.

तिथून नाटककार-दिग्दर्शक हायनर म्युलर त्याला १९८२ मध्ये पूर्व बर्लिनच्या फोल्क्सब्यूनं थिएटरला घेऊन आला, 'मॅकबेथ'साठी. पुढच्याच वर्षी तो डॉयचेस थिएटरमध्ये, म्हणजे देशातल्या सगळ्यात मानाच्या रंगमंचावर. इब्सेनच्या 'गोस्ट्स'मधला ओसवाल्ड, मग गटेचा एग्मोंट. तीस-पस्तिशीत तो तिथला स्टार झाला होता.

सगळं ऐकणारा प्रेक्षक

इथे जरा थांबतो, कारण माझ्या मते प्रकरणाची किल्ली इथे आहे.

पूर्व जर्मनीत पेपर सरकारचे, रेडिओ सरकारचा, टीव्ही सरकारचा. म्यूहे पुढे मुलाखतींमध्ये सांगायचा की लोकांशी खोटं बोललं जात नाही अशी थिएटर ही एकमेव जागा होती, नटांसाठी ते एक बेट होतं. पण म्हणून स्टेजवर उभं राहून सरकारला शिव्या देता येत होत्या असं अजिबात नाही. नाटक मंजूर व्हायला लागायचं, संहिता वाचली जायची. मग नट काय करायचे? जर्मन नाटककार शिलरची, शेक्सपिअरची दोनशे-चारशे वर्षं जुनी ओळ म्हणायचे आणि योग्य शब्दावर किंचित थांबायचे. बस. प्रेक्षकांना कळायचं. सेन्सॉरलाही कळायचं, पण शिलर थांबवणार कसा?

म्हणजे हे प्रेक्षक डोळ्यांनी बघण्यापेक्षा कानांनी बघायचे. ओळ काय आहे हे सगळ्यांना पाठ असायचं, लक्ष असायचं ते ओळीच्या मधल्या जागेवर. आता विचार करा, अशा प्रेक्षकांसमोर जो नट दहा वर्षं रोज संध्याकाळी उभा राहतो त्याला काय येत असेल! त्याला कळतं की जास्त केलं की संपलं. हातवारे केले, आवाज चढवला, तर वरच्यांना पुरावा मिळतो आणि खालच्यांना मजा येत नाही. सगळी कला थांबण्यात येते.

(मराठी प्रेक्षकांना या थिएटरचा एक धागा माहीत असेल: वायमारचे दिग्दर्शक फ्रिट्झ बेनेविट्झ पूर्व जर्मनीतूनच आपल्याकडे आले होते आणि विजयाबाई मेहतांबरोबर त्यांनी ब्रेख्तचं 'अजब न्याय वर्तुळाचा' केलं. आपल्याकडच्या जुन्या रंगकर्मींच्या बोलण्यात अजून त्यांचं नाव येतं.)

१९८९: नाटक चालू, देश बंद

१९८९ च्या उन्हाळ्याच्या शेवटी हायनर म्युलरने डॉयचेस थिएटरमध्ये 'हॅम्लेट'च्या रिहर्सल सुरू केल्या. नुसता 'हॅम्लेट' नाही, त्याच्या पोटात म्युलरचं स्वतःचं 'हॅम्लेटमशीन'ही, जे त्याने १९७७ मध्ये लिहिलं होतं आणि स्वतःच्याच देशात त्याचा प्रयोग होऊ शकला नव्हता. हॅम्लेट म्यूहे. ऑफेलिया मार्गारिटा ब्रॉइख. नाटक सात तासांच्या पुढे जाणारं.

आणि रिहर्सल चालू असताना बाहेर देश कोसळायला लागला. लोक हंगेरीमार्गे पळतायत, लाइपझिगमध्ये दर सोमवारी मोर्चे निघतायत, आत ही मंडळी "डेन्मार्कमध्ये काहीतरी कुजलंय" घोकतायत. नट रिहर्सलमधून उठून मीटिंगला जायचे आणि मीटिंगमधून परत रिहर्सलला.

२८ ऑक्टोबरला म्यूहेने डॉयचेस थिएटरच्या स्टेजवर एक वाचन केलं. वाल्टर यांका हा आउफबाउ प्रकाशन संस्थेचा जुना प्रमुख, पक्का कम्युनिस्ट, स्पेनच्या यादवीत लढलेला, पण त्याच्याच पक्षाच्या सरकारने त्याला १९५७ मध्ये पाच वर्षांची शिक्षा देऊन तुरुंगात टाकलं होतं. त्याच्या आठवणी पश्चिमेकडे नुकत्याच छापून आल्या होत्या. म्यूहेने त्यातला भाग वाचला, भरगच्च थिएटरमध्ये. कुठलं नाटक नाही, कुठली भूमिका नाही, समोर कागद आणि हा वाचतोय. इतकी वर्षं जे ओळींच्या मधे होतं ते त्या रात्री ओळीत आलं.

आठवड्याने, ४ नोव्हेंबरला, पूर्व बर्लिनच्या अलेक्झांडरप्लाट्झ चौकात प्रचंड सभा झाली. लाखोंची. ती बोलावली होती बर्लिनच्या रंगकर्मींनी, आणि रीतसर पोलिसांकडे अर्ज करून! म्यूहे आयोजकांत होता. सभेच्या सुरुवातीलाच तो आणि योहाना शाल (ब्रेख्तची नात, तीही नटी) यांनी देशाच्या राज्यघटनेतली २७ आणि २८ ही कलमं वाचून दाखवली, भाषणाचं आणि सभा घेण्याचं स्वातंत्र्य. सरकारचाच कागद सरकारला वाचून दाखवणं! मला ही कल्पना अजूनही थक्क करते, कारण ही अगदी नटाची कल्पना आहे, संहिता तुमचीच, आम्ही फक्त मोठ्याने म्हणतोय.

पाच दिवसांनी भिंत उघडली.

रिहर्सल तरी चालूच होत्या. प्रीमियर झाला २४ मार्च १९९० ला. त्याच्या सहा दिवस आधी, १८ मार्चला, पूर्व जर्मनीत पहिली आणि शेवटची मुक्त निवडणूक झाली होती आणि पश्चिम जर्मनीशी लवकर एक होऊया म्हणणारे जिंकले होते. म्हणजे ज्या देशाबद्दल नाटक बसवायला घेतलं तो देश पडदा उघडेपर्यंत निरोप घेत होता. स्टेजवर सुरुवातीला बर्फाचा मोठा ठोकळा होता, एरिख वोंडरचं नेपथ्य, तो हळूहळू वितळत जायचा. बिचाऱ्या नेपथ्यकाराला तरी काय कल्पना, की बाहेर देशच त्याच्यापेक्षा भराभर वितळणार आहे.

आणि मग म्यूहेसारख्या नटांपुढे खरी अडचण उभी राहिली, जिच्याबद्दल फार कमी बोललं जातं. तो प्रेक्षक गेला. माणसं तीच, खुर्च्या त्याच, पण आता सगळं पेपरात छापून येत होतं, मग थिएटरमध्ये येऊन मधल्या जागा कशाला ऐकायच्या? ज्या कौशल्यावर दहा वर्षं घालवली त्याचं गिऱ्हाईकच उठून गेलं.

कॅमेऱ्याला तेच हवं होतं

बरेच चांगले नट त्या फटीत हरवले. म्यूहे वाचला, आणि माझं मत असं की कॅमेऱ्याने वाचवला, कारण कॅमेरा म्हणजे अगदी त्या जुन्या प्रेक्षकासारखाच संशयी कान आहे. क्लोज-अपमध्ये जरा जास्त केलं की पकडतो.

सुरुवात भिंत पडायच्या आधीच झाली होती. बर्नहार्ड विकीच्या १९८९ च्या 'दास श्पिनेननेट्झ' या सिनेमात त्याने लेफ्टनंट लोझे केला, पहिल्या महायुद्धानंतर सत्तेच्या शिडीवर चढणारा एक भित्रा, खुनशी माणूस. मग ऑस्ट्रियन दिग्दर्शक मिखाएल हानेकेने त्याला धरलं. १९९२ चा 'बेनीज व्हिडिओ', त्यात मुलाने केलेला खून शांतपणे निस्तरायला बसलेला बाप. १९९७ चा 'फनी गेम्स', त्यात स्वतःच्या घरात पाय मोडून पडलेला, काहीही करू न शकणारा नवरा, आणि समोर बायकोच्या भूमिकेत त्याची खरी बायको सुझान लोथार. त्याच वर्षी काफ्काच्या 'कासल' कादंबरीवरच्या सिनेमातला के. ही सगळी माणसं आतल्या आत दबलेली आहेत.

मधल्या काळात १९९८ पासून तो टीव्हीवर 'देअर लेट्झ्टं त्सॉयगं' नावाच्या मालिकेत फॉरेन्सिक डॉक्टर रॉबर्ट कोल्मार करत होता, घराघरात तोच चेहरा. २००१ मध्ये एकाच चित्रपटात हिटलरचा प्रचारमंत्री गोबेल्स आणि त्याचा ज्यू तोतया असा डबल रोल. २००२ मध्ये कोस्टा-गाव्रासच्या 'आमेन' सिनेमात थंड डोक्याचा नाझी डॉक्टर. स्टेजही सोडलं नाही: १९९८ मध्ये हॅम्बुर्गला दिग्दर्शक पेटर त्साडेकबरोबर ब्रिटिश नाटककार सारा केनचं नाटक, २००५ मध्ये बर्लिनच्या शाउब्यूनं थिएटरमध्ये तिचंच दुसरं. मधे २००४ ला त्याने हायनर म्युलरचं 'देअर आउफट्राग' स्वतः दिग्दर्शित केलं. म्युलर १९९५ मध्ये गेला होता, गुरूचं कर्ज असतं काही.

कॅप्टन वीसलर

फ्लोरियान हेंकेल फोन डोनर्समार्क हा १९७३ चा जन्म असलेला, पश्चिमेकडचा, पहिलाच मोठा सिनेमा करणारा पोरगा. कथा १९८४ च्या पूर्व बर्लिनची. श्टाझीचा कॅप्टन गेर्ड वीसलर एका नाटककाराच्या आणि त्याच्या नटी मैत्रिणीच्या घरावर पाळत ठेवायला वरच्या माळ्यावर हेडफोन लावून बसतो, आणि ऐकता ऐकता बदलतो. बजेट कमी, नट कमी पैशात काम करायला तयार झाले. वीसलरच्या बॉसच्या भूमिकेत उलरिख टुकुर, जो 'आमेन'मध्येही म्यूहेबरोबर होता.

म्यूहेच्या कास्टिंगमध्ये एक धाडस होतं. हायनर म्युलरच्या थिएटरमधला माणूस, ज्याच्यावर स्वतः पाळत होती. म्यूहेने भिंत पडल्यावर आपली श्टाझी फाइल वाचली होती आणि त्याच्या सांगण्याप्रमाणे थिएटरमधलेच चार सहकारी त्याची खबर देत होते. या भूमिकेची तयारी कशी केलीत असं विचारलं की तो म्हणायचा, "मी आठवलं." एवढंच.

सगळे हे वाक्य उद्धृत करतात आणि पुढे जातात, पण मला वाटतं ते नीट वाचायला हवं. काय आठवलं? माझ्यावर अन्याय झाला, हे आठवून वीसलर करता येत नाही. तसं केलं असतं तर एक खलनायक झाला असता, थंड डोळ्यांचा, नाहीतर पश्चात्तापाने पिळवटलेला. म्यूहेला आठवला असणार तो ऐकणारा. त्याने आयुष्यभर ऐकणाऱ्यांसमोरच काम केलं होतं ना! तिसऱ्या रांगेतला एक माणूस जो मैत्रीने ऐकतोय आणि पाचव्या रांगेतला जो रिपोर्ट लिहिण्यासाठी ऐकतोय, दोघेही तितकेच लक्ष देऊन बसलेले असतात. स्टेजवरून दोघे सारखेच दिसतात. वीसलर म्हणजे पाचव्या रांगेतून तिसऱ्या रांगेत सरकलेला माणूस आहे, आणि म्यूहेने ते सरकणं इतकं बारीक ठेवलंय की नक्की कुठल्या सीनला झालं हे बोट ठेवून सांगता येत नाही. लिफ्टमध्ये कळतं ते एवढंच, की झालंय.

एक आक्षेप इथेच नोंदवायला हवा. होहेनशोनहाउझेनच्या जुन्या श्टाझी तुरुंगात आता स्मारक आहे, त्याचे तेव्हाचे प्रमुख हुबर्टुस क्नाबे यांनी तिथे शूटिंगला परवानगी दिली नाही, कारण असा दयाळू झालेला, सावजाला वाचवणारा श्टाझी अधिकारी प्रत्यक्षात कोणी नव्हताच. इतिहास म्हणून मला त्यांचं म्हणणं पटतं. ज्यांनी त्या कोठड्यांमध्ये महिने काढले त्यांना वीसलर बघून राग आला तर तो रास्त आहे. पण म्हणूनच नटाचं काम मोठं वाटतं: संहितेत जे जवळपास अशक्य आहे ते फक्त चेहऱ्याच्या शांततेवर शक्य वाटायला लावलं.

मार्च २००६ मध्ये सिनेमा जर्मनीत लागला. जर्मन फिल्म पुरस्कारांत त्याला सात मिळाले, त्यात म्यूहेला सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा, मग युरोपियन फिल्म अवॉर्डही. २५ फेब्रुवारी २००७ ला सर्वोत्कृष्ट परभाषिक चित्रपटाचं ऑस्कर.

मुलाखत

आता अवघड भाग, आणि तो टाळला तर हा अभ्यास खोटा होईल.

सिनेमाबरोबर एक पुस्तक आलं आणि त्यातल्या दिग्दर्शकाशी झालेल्या लांब मुलाखतीत म्यूहेने सांगितलं की त्याची दुसरी बायको, नटी येनी ग्रोलमान, श्टाझीची खबरी होती. दोघांचं लग्न १९८४ मध्ये झालं होतं, १९९० मध्ये मोडलं, त्यांना एक मुलगी. दोघांनी 'हेल्फ्टं देस लेबेन्स' या १९८५ च्या चित्रपटात कवी होल्डरलिन आणि त्याची प्रेयसी म्हणून एकत्र कामही केलं होतं. श्टाझीच्या कागदांत तिच्या नावावर फाइल होती हे खरं. पण तिने आरोप साफ नाकारला, शपथेवर नाकारला. तिच्या फाइलवर काम करणारा अधिकारीही पुढे म्हणाला की त्यातल्या बऱ्याच गोष्टी त्यानेच रचल्या होत्या आणि आपण कोणाशी बोलतोय हे तिला माहीत नव्हतं. प्रकरण कोर्टात गेलं आणि बर्लिनच्या कोर्टाने तो मजकूर छापायला मनाई केली. ती तेव्हा कॅन्सरने आजारी होती. ऑगस्ट २००६ मध्ये वारली, शेवटपर्यंत नाकारतच.

मी यात कोण खरं ते ठरवणार नाही, तो अधिकार माझा नाही. श्टाझीची कागदपत्रं म्हणजे खबऱ्यांचे आकडे वाढवून दाखवायचं प्रेशर असलेल्या अधिकाऱ्यांनी लिहिलेली कागदपत्रं, ती पूर्ण खरी मानता येत नाहीत आणि पूर्ण खोटीही नाहीत. ज्याच्या घरात, ज्याच्या स्वयंपाकघरात बोललेलं वाक्य फाइलमध्ये टाइप केलेलं सापडतं त्याची जखम कोणी खोटी म्हणू नये. आणि जिला आपण न केलेल्या गोष्टीचं, तिच्या म्हणण्याप्रमाणे, उत्तर मरणाच्या दारात द्यावं लागलं तिचीही नाही.

पण नटाच्या कामाबद्दल एक फरक मला स्पष्ट दिसतो आणि तो सांगतो. भूमिकेत म्यूहेने निकाल दिला नाही. वीसलर चांगला की वाईट हे त्याने एका फ्रेममध्येही ठरवून दाखवलं नाही, ऐकणाऱ्याला आत शिरायला जागा ठेवली, जशी त्याने आयुष्यभर ठेवली होती. मुलाखतीत तो नट नव्हता, फसवला गेलोय असं वाटणारा नवरा होता, आणि तिथे त्याने जागा ठेवली नाही, सगळं वाक्य पूर्ण बोलून टाकलं. त्याला तो हक्क होता. तरी त्या आठवणीतलं जे सगळ्यात खरं होतं ते त्याने माळ्यावर बसून आधीच सांगितलं होतं असं मला वाटतं.

ऑस्करच्या रात्रीनंतर तो लॉस एंजेलिसहून तसाच परत आला, पोटाच्या ऑपरेशनसाठी. जठराचा कॅन्सर. जुलैमध्ये एका पेपरला मुलाखत देऊन त्याने आजाराबद्दल सांगितलं, ती २१ तारखेला छापून आली, आणि २२ जुलै २००७ ला सॅक्सनी-आनहाल्टमधल्या वालबेक या गावात तो गेला. चोपन्न वर्षांचा होता.

हा सिनेमा तुम्ही आधी बघितला असेल तर एकदा असं करा: सबटायटल्स बंद ठेवून फक्त माळ्यावरचे सीन बघा. जर्मन येत नसेल तर उत्तमच. खाली पियानो वाजतोय, तो हेडफोन लावून बसलाय, पाठ ताठ, हात मांडीवर. कॅमेरा हळूहळू फिरत त्याच्या समोर येतो तोवर गालावर पाणी आलेलं असतं, आणि ते कधी आलं ते आपल्याला दिसलेलंच नसतं.